धाकटीची उलटी वाट

ता. ४ फेब्रुवारी

ती. सौ. आत्यास,
शि. सा. न. वि. वि. साष्टांग मनातल्या मनात घातला आहे असे समज, कारण पलंग टाकल्यावर माझ्या खोलीत आडवे व्हायला तो पलंगच उरतो.

मी सुखरूप आहे. जेवण वेळेवर होते. तू दिलेला स्वेटर वापरतो, आणि त्याचे सुटलेले बटण मी स्वतः लावले, त्यामुळे ते पुन्हा सुटणार नाही.

नोकरीबद्दल तू विचारलेस. काकांना वाटते तसा मी लोकांना नुसता उन्हात हिंडवत नाही. सिनेमात गाणाऱ्या-वाजवणाऱ्या मंडळींची घरे, स्टुडिओ, थिएटरे बघायला पाहुणे येतात आणि आम्ही त्यांना पायी नेतो. आमच्या बाई पूर्वी रेडिओवर निवेदिका होत्या. हे सगळे काम त्यांनी एकटीने उभे केले आणि प्रत्येक वाटेचे निवेदनही स्वतःच लिहिले. माझ्याकडे यायची आहे ती ‘धाकटीची वाट’. धाकटी कोण हे तुला सांगायला नको, ती रेडिओवर लागली की तू शिलाईचे मशीन थांबवतेस. दोघी बहिणी सिनेमात एकत्र गायच्या, म्हणून लोकांनी थोरली आणि धाकटी अशी नावे पाडली. पुढे दोघींचे फिसकटले, थोरली गाणे सोडून निघून गेली आणि धाकटीने एकटीने नाव काढले. आमची वाट त्यांच्या लहानपणच्या खोलीपासून निघते आणि धाकटी वारली त्या घराखाली संपते.

निवेदन मी स्वल्पविरामांसकट पाठ केले आहे. अडचण आहे ती चालण्याची. पाहुण्यांकडे तोंड करून बोलायचे, म्हणजे आम्हाला मागे मागे चालावे लागते. आमच्यातला जुना गाईड, ज्याला आवाजामुळे सगळे खर्जा म्हणतात, मान न वळवता फळांची गाडी चुकवतो. मी काल पाठमोरा आपटलो आणि घाईघाईने माफी मागितली. बघतो तर ती टपालपेटी होती.

मार्चच्या पहिल्या रविवारी माझी परीक्षा आहे. मी एकट्याने वाट करायची आणि बाई पाहुण्यांत मिसळून चालणार. जमले तर वाट माझी. नाही जमले तर त्या दुसरा माणूस बघतील आणि मी तुझ्या दुकानात परत काजे-बटणे करायला. दुसरे मला येते काय? अर्धवट शाळा सोडलेल्याला बोलायचे काम मिळाले हेच नवल. ते हातचे जाऊ नये, एवढेच वाटते.

काकांना नमस्कार. लोभ आहे तेवढा पुरतो, कमी मात्र होऊ देऊ नये.

तुझा भाचा


ता. ११ फेब्रुवारी

चि. शंकेखोरास,
अ. उ. आ. टपालपेटीने माफ केले की नाही ते लिहिले नाहीस.

तुझे पत्र काकांनी दुकानात मोठ्याने वाचले. पँट आखूड करायला आलेले पोस्टमास्तर शेवटपर्यंत ऐकत उभे राहिले आणि पँट न घेताच गेले. मग काकांनी तुझ्यासाठी म्हणून स्वतः मागे चालून पाहिले. इस्त्रीच्या टेबलापर्यंत छान गेले. पुढचे लिहीत नाही, आता सूज उतरली आहे.

स्वल्पविरामांसकट पाठ केलेस हे वाक्य मात्र मी काकांना पुन्हा वाचायला लावले. दुसरीत असताना तुला पाहुण्यांपुढे कविता म्हणायला उभा केला होता, आठवते? मध्येच कोणीतरी दार वाजवले. कुठे थांबलो ते तुला आठवेना, म्हणून पहिल्यापासून सुरू केलीस. मग मांजर आले, पुन्हा पहिल्यापासून. पाहुण्यांची बस चुकली आणि ते मुक्कामाला राहिले. बाळा, रस्त्यावर दारेही असतात आणि मांजरेही.

दुकानाचे ठीक चालले आहे. तुझे स्टूल रिकामे आहे. काजे मीच करते, डोळे ओढतात, पण ते असो. हे तुला बोलावण्यासाठी लिहिलेले नाही. बोलवायचे असते तर मला सरळ लिहिता येते.

पोटभर जेव, रस्त्याकडे पाठ असली तरी लक्ष असू दे. आशीर्वाद आहेत ते पाठीमागूनही लागतात.

तुझी आत्या


ता. २३ फेब्रुवारी

ती. सौ. आत्यास,
शि. सा. न. वि. वि. घात झाला आहे.

दोघी बहिणींच्या जुन्या खोलीच्या गल्लीत पाण्याची मोठी नळी बदलायला रस्ता उकरला आहे. सकाळभर तिथे मशीन चालते, रविवारीसुद्धा, आणि पलीकडे पाऊल टाकता येत नाही. दुपारी कामगार जेवायला बसतात तेव्हा खड्ड्यावर फळ्या टाकतात, तेवढ्यात जाता येते. हे महिनाभर चालणार. बाईंनी उभ्या उभ्या निकाल लावला की वाट उलटी चालायची, शेवटच्या घरापासून निघायचे आणि खोली दुपारी घ्यायची. खर्जा म्हणाला की बरेच झाले, त्या बाजूने उतार लागतो.

काल मी एकटाच जाऊन उलटी वाट चालून पाहिली. धाकटी वारली त्या घराखाली उभे राहून तोंड उघडले आणि शब्द निघाले, ‘जसे आपण सकाळपासून पाहत आलो’. कोणी काहीच पाहिलेले नव्हते. पुढे काही सुचेना, कारण माझ्या डोक्यात प्रत्येक वाक्य आधीच्या वाक्याचे बोट धरून उभे असते. थिएटरपाशी मी सांगितले की थोरली परत आली नाही, पण ती गेल्याचे सांगायचेच राहिले होते. एका चौकात धाकटी वारल्याचे सांगितले आणि पुढच्या चौकात ती आजारी पडली. समोर पानांची गाठोडी घेऊन बसलेला झाडूवाला मला विचारू लागला की त्या आजारी बाईंची तब्येत आता कशी आहे.

बाईंना म्हटले की खड्डा बुजेपर्यंत थांबू या. त्या म्हणाल्या की तोवर पाहुण्यांना काय डब्यात झाकून ठेवू? मी करणार नसेन तर तसे परीक्षेच्या आदल्या दिवसापर्यंत, म्हणजे ४ मार्चच्या शनिवारपर्यंत सांगावे, त्या खर्जाला सांगतील आणि मग वाट त्याच्याकडेच राहील. त्या रागावलेल्या नव्हत्या, म्हणून जास्त वाईट वाटले.

मी अजून हो म्हटलेले नाही आणि नाहीही म्हटलेले नाही. स्टूल रिकामे आहे ना, एवढे उलट टपाली कळव. लोभाची आत्ता फार गरज आहे.

तुझा भाचा


ता. २७ फेब्रुवारी

चि. शंकेखोरास,
अ. उ. आ. स्टूल रिकामे आहे. हे आधी लिहिले, म्हणजे पुढचे शांतपणे वाचशील.

खरे सांगते, तुझे पत्र वाचून मला आधी आनंद झाला. तू आलास तर माझे डोळे वाचतील, आणि काकांना पत्त्यांत हरवायला कोणीतरी मिळेल. म्हणून संध्याकाळी ‘निघून ये’ असे लिहायला बसले. तेवढ्यात पलीकडच्या आळीतून निरोप आला की कुलूपवाले आजोबा गेले. पेन टाकून तशीच उठले.

तिथे सगळी आळी जमली होती. येणाऱ्या प्रत्येकाला सुनेने सांगितले की पहाटे गेले. मग कोणीतरी विचारले की आजारी होते का, तर आठवडाभर अन्न जात नव्हते. मग त्याआधी दुकान का बंद केले होते, तो विषय निघाला. असे एकेक मागे जात जात त्यांच्या बायकोने सांगितले की लहानपणी हे कपाटात लपले, कोणी बाहेरून कुलूप लावले, तर आतून खिळ्याने उघडून हे बाहेर आले आणि वर त्या कुलपाला नावे ठेवली. त्या घरात, त्या वेळी, सगळे हसले. आजींनाही हसू आले.

जन्मापासून सुरुवात कोणीच केली नाही. तरी कोणाचे काही अडले नाही. तिथेच मला तुझी धाकटी आठवली.

तेव्हा माझे ऐक. ती गेली इथून सुरू कर आणि गप्प उभा राहा. त्याआधी काय, हे लोक स्वतःच विचारतील. पाठ केलेले शब्द बाईंचे आहेत, ते त्यांना परत करून टाक. धाकटी तर तुला माहीत आहे ना? मला सांगतोस तशी सांग. फजिती झाली तर हो नापास आणि ये, मी स्टूल पुसून ठेवते. पण न जाताच आलास तर स्टूल देईन आणि रोज टोमणेही देईन.

आशीर्वाद नेहमीचेच, या खेपेला जरा दाबून भरले आहेत.

तुझी आत्या

ता. क. मागे जाताना टाच आधी टेकू नये, पंजा टेकावा. हे मी अनुभवाने सांगतो. काका.


रविवार, ता. ५ मार्च

ती. सौ. आत्यास,
शि. सा. न. वि. वि. तुझ्या सांगण्याप्रमाणे शेवटापासून लिहितो. वाट मला मिळाली. खड्डा बुजला तरी ती आता उलटीच राहणार. आता त्याआधीचे.

सकाळी आम्ही सगळे शेवटच्या घराखाली जमलो. पाहुण्यांत एक निवृत्त दंतवैद्य आणि त्यांच्या पत्नी होत्या, कॉलेजातल्या काही मुली होत्या, आणि सगळ्यांच्या मागे छत्री घेऊन बाई. मी तिसऱ्या मजल्याकडे हात करून सांगितले की धाकटी इथे वारली, आणि गप्प उभा राहिलो. हे तू सांगितलेस म्हणून नव्हे, मला खरोखर पुढचे काही आठवत नव्हते. वर कोणीतरी चादर झटकत होते. मग दंतवैद्यांनी विचारले की शेवटी जवळ कोण होते. मी म्हटले, कोणी नाही, बहीणसुद्धा नाही. त्यांच्या पत्नीने लगेच विचारले, म्हणजे हिला बहीण होती? तिथून मी सुटलो.

थिएटरात आता फर्निचर विकतात. धाकटीचा शेवटचा सिनेमा तिथे लागला होता, आणि पडद्यावर एकटीचे नाव बघून ती मध्यंतरातच उठून गेली, हे मी सांगत असताना तिथला विक्रेता आम्हाला सोफे दाखवत होता. एकटीचे नाव का, असे मुलींनी विचारले, म्हणून स्टुडिओकडे निघालो. तिथे व्यायामशाळा झाली आहे, आतून वजने आपटत होती. दोघी बहिणी तिथे एकाच माइकसमोर उभ्या राहायच्या. एक दिवस संगीतकाराने थोरलीला अर्धे पाऊल मागे व्हायला सांगितले. थोरली मागे झाली, आणखी मागे झाली, दाराशी जाऊन तिने चपला घातल्या आणि गेली. दंतवैद्यांच्या पत्नी म्हणाल्या की धाकटीने हाक का नाही मारली. मी म्हटले, ते कोणालाच माहीत नाही.

आत्या, सरळ वाटेत इथून पुढे दोघी कधीच एकत्र दिसत नाहीत. उलट्या वाटेत इथून पुढे त्या कायम एकत्रच असतात. हे माझ्या लक्षात चालता चालता आले आणि मी इतका खूश झालो की मागे न बघता दोन सायकली चुकवल्या. वाद्ये दुरुस्त करणाऱ्याच्या दुकानापाशी त्या एकेका बाजूची कडी धरून पेटी वाहून आणायच्या आणि कोणाचा हात आधी दुखला यावरून भांडायच्या. मुली हसत होत्या. त्याआधी काय, असे कोणी विचारायची वाट आता मला बघावी लागत नव्हती, पाहुणेच माझ्यापुढे जाऊ बघत होते.

गल्लीत कामगार जेवायला बसले होते. त्यांनी फळ्या टाकून दिल्या आणि एकमेकांचे हात धरून आम्ही पलीकडे गेलो. खोलीची खिडकी अजून तशीच आहे, लहानशी. वडील रात्रपाळी करून दिवसा झोपायचे, म्हणून दोघी खिडकीतून डोकी बाहेर काढून गायच्या, म्हणजे आवाज रस्त्यावर पडावा आणि खोलीत जाऊ नये. धाकटी फार वाकायची. ती पडू नये म्हणून थोरली गाता गाता तिची वेणी मुठीत धरून ठेवायची. माझे सांगून संपले. कोणी टाळी वाजवली नाही. सगळे वर बघत राहिले, जणू दोघी आत्ता आत गेल्या आहेत आणि परत येणार आहेत.

तेवढ्यात मागून बाईंनी विचारले की मग पुढे काय झाले.

आधी मला वाटले की ही परीक्षा आहे. मी वळून पाहिले तर बाईंची नजर खिडकीवर होती आणि छत्री तिरकी झाली होती. हे सगळे त्यांनीच लिहिलेले, इतकी वर्षे त्यांनीच सांगितलेले. पुढे काय झाले ते आम्ही सगळे सकाळपासून बघून आलो होतो. दंतवैद्य बुटांकडे बघू लागले.  मीही नाही सांगितले. मग बाईंच्या लक्षात आले, त्या जराशा हसल्या आणि कामगारांना विचारू लागल्या की फळ्या अजून थोडा वेळ राहू देता येतील का.

काकांना नमस्कार. लोभ आत्ता आहे, त्याआधीही होता, तसाच राहू द्यावा.

तुझा भाचा