सिनेमासाठी दिलेली पानं

टिकिरीदादा, तुझ्या पायांवर डोकं.

त्रिरत्नांच्या कृपेने इथे सगळे बरे आहेत. आईचे गुडघे सोडून, पण ते कुणाच्याच कृपेला दाद देत नाहीत. तुझा खोकला कसा आहे? धण्याचा काढा घेतोस ना, की कोलंबोत लाज वाटते?

तर गावात सिनेमावाले आले होते. गोष्ट कुंपणावरून पेटलेल्या दोन घरांची. (असली गोष्ट घेऊन आपल्या गावात यायचं म्हणजे कमालच!) त्यांना खरं कुंपण हवं होतं आणि अख्ख्या गावाने एकमुखाने आपलंच दाखवलं. फणसाच्या झाडावरून बिनसलं आणि किरीमुदियान्से दाजींनी ते घातलं, तेव्हापासून आपली डिंगिरी पलीकडे नि आपण अलीकडे. तिला मुलगी झाली, तरी आईला नातीचं नुसतं रडणं ऐकू येतं. ती रोज कुंपणाला कान लावून बसते रे.

दिग्दर्शकाने मला नि दाजींनाच समोरासमोर उभं केलं. मारामारी झकास झाली, कुंपण आडवं झालं, दाजींचा दांडा मला खरोखरच बसला. (दिग्दर्शक खूश!) मग शेवट आला: मी विड्याच्या पानांची जुडी देऊन पाया पडायचं, दाजींनी ती घ्यायची. पानं घेतली की भांडण मिटलं, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. कॅमेऱ्याला काय त्याचं! पण दाजींनाही ते पक्कं ठाऊक. आधी त्यांनी हातच पुढे केला नाही, मग मध्येच कुत्रं आलं, मग मला रडू फुटलं, आणि दर वेळी पुन्हा पहिल्यापासून. अखेर घेतली एकदाची.

आता दाजी गावभर सांगतात, "ती सिनेमातली पानं, धरायची नाहीत." आई म्हणते, "पानं आपल्या वेलीची होती, मी स्वतः खुडली." एवढं बोलून ती काठी टेकत मोडक्या कुंपणावरून पलीकडे गेली. कुणी अडवलं नाही. पोरीचं नाक आपल्या बाबांसारखं आहे म्हणे.

तुझा धाकटा,
हीनबंडा

ता. क. कुणाला सांगू नकोस. शेवटच्या खेपेला मी वाकलो आणि दिग्दर्शक ओरडला, "थांबा, कॅमेऱ्यातली फिल्म संपली!" दाजींनी ते ऐकलं होतं. तरी त्यांनी पानं घेतली आणि मला हाताला धरून उठवलं.

आणखी एक. फणसातला माझा वाटा मी डिंगिरीच्या पोरीला दिला. तुझाही देऊन टाक. नाही म्हणालास तर पानं घेऊन कोलंबोला येईन. आता मला पाया पडायची चांगली सवय झाली आहे.