अर्जावरचं नाव

चांदे, ता. मुळशी
१८ फेब्रुवारी १९८४

प्रिय हसिना,

पोरी, तुला आणि तुझ्या लेकीला माझी मनापासून दुवा. तुझं सासर मारुंजी इथून चालत तासाभराची वाट, तरी पत्र पोस्टानं पाठवतोय. त्या वाटेनं आठ महिने माझं पाऊल पडलं नाही.

बातमी तुझ्या घरी कळलीच असेल. प्रांतसाहेबांनी तुझ्या सासऱ्यांच्या खडी मशीनचा परवाना रद्द केला. पंधरा दिवस झाले, टेकडीवर आवाज नाही. शिवायला आलेलं पांढरं कापड आता संध्याकाळपर्यंत पांढरंच राहतं. विहिरीच्या पाण्यावरचा धुळीचा थरही विरत चाललाय. सिराजचा ट्रक मात्र दारात उभा असेल, हे मनातून जात नाही. जावयाची भाकरी मी बंद केली, असं कुणी म्हटलं तर ते खोटं नाही.

शेजारचा कोंडिबा मशीनविरुद्धचा अर्ज घेऊन आला तेव्हा तुझ्या लग्नाला वर्ष झालं होतं. मी तिसरी सही केली. वाटलं, तुझे सासरे ताजुद्दीनभाई समजूतदार आहेत, मशीन घरांपासून लांब नेतील. तसं झालं नाही, आणि तारखा सुरू झाल्या. कोंडिबाची सारजाबाई तुला आठवते ना, तुला कडेवर घेऊन शेतात नेणारी? दम्यानं तिला चार पावलं चालवत नव्हतं, तरी ती पुण्याला कचेरीत आली. साहेबांनी त्रास काय ते विचारलं. ती म्हणाली, "साहेब, आमी भर दिवसा दारं लावून बसतो. घरात मयत झाल्यावानी." पुढं तिला धाप लागली. मी तिला धरून बाकावर बसवलं.

तू नसल्यापासून घर कसं आहे ते काय सांगू. तुझी अम्मी अजून तीन माणसांचं पीठ मळते आणि उरलेली भाकरी सकाळी खाते. तुझं पहिलं बाळंतपण इथंच व्हायचं म्हणून तिनं डिंक, हळीव आणून ठेवलं होतं. जूनमध्ये तुला आणायला मी निघणार होतो. मग मी तिला सांगितलं की सासरच्यांनी तिथंच करायचं ठरवलंय. तिनं तेवढं ऐकून घेतलं. पण ईद गेली, बकरी ईद गेली, तुला मुलगी झाल्याचं परक्याच्या तोंडून कळलं, आणि मागच्या मंगळवारी ती मला म्हणाली, "पोरीनं आपल्याला टाकलं."

हे ऐकल्यावर माझ्यानं गप्प राहवलं नाही. तिला सांगितलं ते तुलाही सांगतो. जूनच्या तारखेला ताजुद्दीनभाईंनी मला कचेरीबाहेर चहाला नेलं. म्हणाले, "अर्जावरचं तुमचं नाव काढा, उद्याच पोरगी माहेरी पाठवतो. न्हाईतर तिला माहेर न्हाई." मी चहा अर्धा ठेवून आत गेलो आणि माझा जबाब दिला. एक नाव गेलं असतं तर बाकीचेही गळाले असते, कोंडिबा आणि सारजाबाई दोघंच उरली असती. नाव काढलं नाही, याचा पस्तावा आजही नाही.

पण तुझी अम्मी म्हणाली, "माझ्या पोरीचं बाळंतपण तुमी कुणाला इचारून दिलं?" आज ती म्हणाली, "तिलाबी लिवा." म्हणून हे पत्र. तू टाकलं नाहीस आम्हाला, मीच तुला न विचारता पणाला लावलं. येत्या शुक्रवारी नमाजनंतर अम्मीला घेऊन तुझ्या दारी येतोय. ताजुद्दीनभाईंनी आत घेतलं नाही तर समोर रस्त्यावर बसून राहू. तुला राग असेल तर बोलू नकोस. लेकीला घेऊन उंबऱ्यापर्यंत ये, अम्मीला तिचं तोंड बघू दे. मी पाठ फिरवून उभा राहीन.

तुझाच,
अब्बा