टँकरच्या नावाखाली

सुबोधच्या आई,

टँकरच्या अर्जासाठी म्हणून तीनदा नांदेडला गेलो, ते खोटं होतं. आपला सुबोध ज्या टीमकडून फुटबॉल खेळतो, तिचे सामने कुठं बघायला मिळतात ते हुडकत होतो. आपल्या लोह्याचा केबलवाला म्हणला, "क्रिकेट सोडून इथं कोण काय बघतंय? ते चॅनल मी ठेवतच न्हाई." शेवटी नांदेडात स्टेशनसमोरच्या एका लॉजच्या मॅनेजरनं लावून दिलं. तिथंच काउंटरजवळ उभं राहून बघितलं.

पहिल्या खेपेला सुबोध दिसला. खेळत नव्हता, गुडघ्याला पट्टी बांधून मैदानाबाहेर बाकावर बसला होता. लई वाळलाय. पुढच्या दोन्ही खेपांना बाकावरबी नव्हता. तवापासून फोन लावून राहिलो, बंदच येतो. तुला सांगायची हिंमत झाली न्हाई, कारण तो घर सोडताना मी काय बोललो ते तू ऐकलंच हाय. टीव्हीत दिसशील तवाच या घरात तोंड दाखव, म्हणलो होतो.

आज त्यांचा शेवटचा सामना हाय, तो बघायला परत नांदेडला चाललोय. आजबी दिसला न्हाई तर तिथूनच रेल्वेनं त्याच्याकडं निघतो.

टँकर दुपारी येईल. आपला ड्रम केवळाबाईच्या ड्रमामागं लावून ठेवलाय. पाईप एकटी ओढू नको, तिला हाक मार.

मधीच त्याचा फोन आला तर एवढंच सांग. टीव्हीत दिसलास, बापानं बघितलं. आता घरी ये.