महादेवीचा हापसा

॥ श्री बसवेश्वर प्रसन्न ॥

लातूर, दि. २१ मार्च १९८३

चि. वीरण्णास अनेक आशीर्वाद.

इकडील सर्व क्षेम. नवा जिल्हा झाल्यापासून कचेऱ्यांच्या पाट्या रोज बदलत आहेत. पाणी मात्र आठवड्यातून एकदाच येते. दिवाळीपासून तुझे पत्र नाही, त्याविषयी पुढे लिहितो.

आधी आनंदाची बातमी. बडोद्याहून कला शिकून आलेल्या तुझ्या पुतणीने, महादेवीने, शाळेच्या सभागृहात प्रदर्शन मांडले आहे. चित्र एकही नाही! कोरड्या बोअरवरून उपटलेला हापसा तिने मधोमध उभा केला आहे. त्याच्या दांड्याला स्पीकरच्या आतला थरथरणारा भाग घट्ट बसवून टेपरेकॉर्डर जोडला आहे. दांड्यावर कपाळ टेकायचे. आवाज हाडांतून आत जातो. माणसाचे शरीर हाच या यंत्राचा उरलेला भाग, असे तिचे म्हणणे.

आडतीतला मलप्पा सोबत होता. तो नेहमी ओरडून बोलतो, म्हणून मला त्याची सोबत बरी वाटते.

"गुरुपादप्पा, पोरीनं हापशाचं देऊळ केलं की! लोकं लई कपाळ टेकून राहिले. पाणी येतंय का गं, महादेवी?"

"पाणी न्हाई, काका. टेका तर आधी."

टेकला आणि झटकन ताठ झाला. "अगं, ही तर माझी गंगम्मा! घरी काय कमी बोलती, म्हणून इथं बी आणलीस?"

सगळे हसले. मग मी टेकलो.

वीरण्णा, शब्दन्‌शब्द ऐकू आला! "अहो, ताट वाढलंय. येताय ना?" तुझी वहिनी! महादेवीने गल्लीतल्या बायकांच्या रोजच्या हाका टेप केल्या आहेत. मागे रांग खोळंबली तरी मी हललो नाही. हल्ली ती काही न बोलता खांद्याला हात लावून मला जेवायला उठवते, असा माझा समज होता. त्यावरून मी तिला बोललोही होतो. हाक ती रोज मारीत होती.

महादेवी माझ्या तोंडासमोर येऊन म्हणाली, "बाबा, आता तरी कानाचं यंत्र घ्या." दुकानातले गिऱ्हाईक काय म्हणेल, या विचाराने आजवर मी नाकारीत आलो होतो. दुसऱ्याच दिवशी डॉक्टरांकडे गेलो. आतली नस शाबूत आहे. कानामागच्या हाडावर बसणारे यंत्र चालते. चालते म्हणजे काय, परतताना सायकलच्या घंटीनेसुद्धा मी दचकलो!

दिवाळीत पेठेत तू मागून "अण्णा, अण्णा" म्हणत राहिलास, मी वळलो नाही, आणि तू न जेवता नांदेडची गाडी धरलीस. वाटणीनंतर अण्णाला भाऊ नकोसा झाला, असे तू नातलगांना सांगितलेस. ते कळूनही मी खुलासा केला नाही. 'बहिरा' हा शब्द माझ्याने लिहवत नव्हता. आज लिहिला.

येत्या सोमवारी मी नांदेडला येत आहे. गळ्यात लिंग, खिशात यंत्राची डबी, कानामागे तार. या वेळी तुझ्या दारात हाक मी मारीन. ओ द्यावी की देऊ नये, तो हक्क तुझा.

तुझा बहिरा अण्णा,
गुरुपादप्पा