कडू लागेपर्यंत

ता. ३ फेब्रुवारी

ती. मावशीस,
सा. न. वि. वि.

मजेत आहे असं लिहिणार होते, पण माझं अक्षर बघूनच तुला कळलं असतं, म्हणून खरं तेच लिहिते. मला भीती वाटतेय. मागच्या महिन्यात ताप आला होता ना, तो गेला, पण जाताना माझी चव घेऊन गेला. नाकाला वास नाही, जिभेला चव नाही. मीठ, लिंबू, कॉफी, सगळं कोमट पाण्यासारखं. वाटलं होतं चार दिवसांत येईल, पण अजून पत्ता नाही.

फोनवर हे बोलता येत नाही. खोलीत माझ्यासोबत राहणारी मुलगी आमच्याच हॉटेलात सॅलड लावते आणि तिच्या पोटात काही राहत नाही. स्वयंपाक इटालियन पद्धतीचा. मुख्य शेफ एक बाई आहेत, सगळे त्यांना बाईच म्हणतात. माझी उमेदवारी महिनाअखेरीला संपते. मला ठेवायचं की घरी पाठवायचं, हे त्याच ठरवणार. स्वतः चाखल्याशिवाय ताट बाहेर जाऊ द्यायचं नाही, हा त्यांचा नियम. त्यासाठी प्रत्येकाला एक चमचा दिलाय, तो एप्रनच्या खिशात असतो. मी तो तोंडात घालते, मान डोलावते आणि मनातल्या मनात देवाचा धावा करते.

त्यात माझ्याकडे आलाय कडू पाला. लांब, करवती कडांची पानं. मिठाच्या पाण्यात उकडायची, पिळायची, मग ऑलिव्ह तेलात लसूण आणि सुकी मिरची टाकून परतायची. मटणाच्या ताटात बाजूला मूठभर वाढतात. लसूण मी रंगावरून ओळखते, मीठ मोजून घालते. पण पाला कधी कोवळा असतो, कधी जून. त्याचा कडूपणा कशाने मोजू? तू कडूतलं कडू माणूससुद्धा गोड करून घेतेस. मला काहीतरी सांग. आणि कुणाला बोलू नकोस, काकांनाही नाही.

तुझ्या मायेच्या भरवशावर असलेली,
भिंगरी


ता. ९ फेब्रुवारी

चि. भिंगरीस,
अ. आ.

पत्र वाचलं. उठले, डब्यातलं मीठ बोटावर घेतलं आणि आधी माझीच जीभ तपासली! काकांनी विचारलं काय चाललंय, म्हटलं मिठाला मुंग्या लागल्यात का बघतेय. मिठाला कधीपासून मुंग्या लागायला लागल्या, असं म्हणत ते पेपरात डोकं घालून बसले. त्यांना मी काही सांगितलेलं नाही.

पहिलं म्हणजे डॉक्टरकडे जा. टाळाटाळ केलीस तर शिलाई मशीन बंद करून मी तिथे येऊन बसेन. आता पाल्याचं ऐक. चिरून मीठ लावून चोळ. उकडताना पाणी दोनदा बदल. मग धुण्यासारखा घट्ट पीळ. पिळलेलं पाणी हिरवं आहे तोवर कडू आहे असं समज. पांढरट झालं की बेलाशक वाढ. लहानपणी कडू घास तोंडात गेला की तू एक डोळा मिटून ओठ कानापर्यंत ओढायचीस. ते तोंड बघूनच मी हे सगळं शिकले. तुझी आई असती तर तिनेही हेच सांगितलं असतं.

कुणाला काही बोलू नकोस. महिना निभावून ने. जेवत जा. चव नसली तरी पोट आहेच.

आशीर्वाद तुझ्या पाठीशी आहेतच,
मावशी


ता. १६ फेब्रुवारी

ती. मावशीस,
सा. न. वि. वि.

तू सांगितलंस तस्संच केलं. पाणी पांढरं होईपर्यंत पिळलं. आणि पाला जसाच्या तसा परत आला, एकामागून एक. एक आजोबा केवळ त्या भाजीसाठी येतात. त्यांनी निरोप पाठवला की हा उकडलेला कागद आहे. बाईंनी एक घास घेतला आणि मला विचारलं, की यातला कडूपणा कुठे टाकलास. मावशी, या भाजीत कडूपणा हवाच असतो गं! मटणाचा तुपकटपणा तोच कापतो. आपण दोघींनी मिळून नेमका तोच पिळून काढला.

बाईंनी टोपलीतलं एक कच्चं पान उचलून माझ्या हातात दिलं आणि चावायला सांगितलं. मी चावलं. त्यांच्याकडे बघत शांतपणे चावलं, गिळलंसुद्धा. त्या बघतच राहिल्या, तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं की तोंड वाकडं करायचं राहून गेलं.

त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. माझ्या खिशातला चमचा काढून त्यांनी स्वतःच्या खिशात टाकला आणि उद्यापासून फक्त पाला धुवायचा म्हणाल्या. सॅलडवाली सगळं बघत होती. मला आता नोकरीपेक्षा दुसरीच भीती वाटते. चव परत आलीच नाही तर? मला दुसरं काही येत नाही, मावशी.

लोभ कमी करू नकोस, आता तेवढाच उरलाय.
भिंगरी


ता. २१ फेब्रुवारी

चि. भिंगरीस,
अ. आ.

माझी अक्कल माझ्या स्वयंपाकघरापुरती, ती तुझ्या हॉटेलात पाठवली हेच चुकलं. कुणाला बोलू नकोस म्हणाले, तेही चुकलं. बाईंनी ओळखलंय, आता लपवण्यात काय हशील? हे पत्र ठेव आणि जाऊन त्यांना सगळं सांग. काकांना मी सांगून टाकलं. जेवताना ते सारखे माझ्या तोंडाकडे बघत होते.

माझं हातातलं काम उसवावं लागतंय, दोन बाह्या उलट्या लावल्या. लवकर लिही.

तुझ्यात जीव अडकलेली,
मावशी


ता. ७ मार्च

ती. मावशीस,
सा. न. वि. वि.

बाईंना सांगितलं. रडत रडत, नाक पुसत. त्यांनी आधी मला डॉक्टरकडे पिटाळलं. डॉक्टर म्हणाले, तापाने असं होतं, येईलही, नाहीही येणार, शब्द देता येत नाही. महिना संपला तशी मी सामान बांधून ठेवलं. पण बाईंनी निकाल दिलाच नाही. त्या म्हणाल्या, की तुला कडू लागलेलं मला बघायचंय, तोवर पाला धू.

तेव्हापासून रोज सकाळी त्या एक कच्चं पान माझ्या हातावर ठेवतात. मी चावते, त्या तोंडाकडे बघतात आणि आपल्या कामाला लागतात. सुरुवातीला प्रत्येक पानाला मी कडू लागायची वाट बघायचे. मग मी वाट बघणंच सोडलं. नुसतं चावायचं आणि धुवायचं.

आजही पान तोंडात टाकून मी पाला धूत होते. समोर बाई लसूण चिरत होत्या, त्यांची सुरी थांबली. मी घाबरून विचारलं काय चुकलं. त्या म्हणाल्या, तुझा एक डोळा मिटलाय.

तेव्हा मला कळलं. जिभेच्या मागे, डाव्या बाजूला, अगदी पुसटसं. बाईंनी खिशातून माझा चमचा काढून पुढे धरला. मी तो घेतला नाही. भास असला तर? मी आधी दुसरं पान मागितलं.

तेही कडू होतं, मावशी.

तुझीच,
भिंगरी