माझं तोंड गाडीच्या मागे

सोमवार, ३ मार्च
नाही म्हणाले! सगळेच! मी एवढंच म्हटलं, यंदा आपली प्रवासी गाडी रंगवाल तेव्हा मागे माझं तोंड काढा. गाडी चालवतो माझाच नातू, लेकीचा मुसेंबी. म्हणतो, "आजी, घरच्यांचे चेहरे गेल्यावरच काढतात. आठवण म्हणून." मग? गेल्यावर मला बघायला कोण उठवणार? दरवर्षी फुटबॉलवाले, गाणारे, दाढीवाले चालतात. रंग शिळा झाला की नैरोबीची पोरं गाडीत चढत नाहीत. त्यात एक म्हातारी जड झाली होय!

लिहितेय नात, कवाता. मला अक्षर येत नाही. ती हसतेय. म्हटलं, हसलीस तेही लिही.

बुधवार, ५ मार्च
क्यालो. माझा थोरला. याच शहरात राहतो, चर्चमध्ये उपदेश करतो. सहा वर्षं घरी आला नाही. गाडी घेतली तेव्हा म्हणाला, "हे नाचगाण्याचं सैतानाचं खोकं दारात असेतो मी पाऊल ठेवणार नाही." म्हटलं, नको ठेवूस! या खोक्यावर घर जेवतं. तुझ्या उपदेशावर मक्याची उगाली शिजत नाही!

मी शब्द मागे घेतला नाही. घेणारही नाही. तो आला तर यावा — मी बोलावणार नाही.

कवाता विचारते, "आठवण येते?" येते. हे लिहू नकोस. — लिहिलंस!

शुक्रवार, ७ मार्च
मुसेंबी हरला. रंगारी ओगुटू आला.
"म्हातारे, जरा हास की!"
नाही हसले.
"सुरकुत्या कमी करू?"
एक जरी गाळलीस तर ब्रश मोडीन! फुकट नाही आल्या त्या.
डोक्याभोवती जांभळे दिवे लावले मेल्यानं. राणी दिसते!

मंगळवार, ११ मार्च
गाडी कालपासून रोंगाईच्या रस्त्यावर. थांब्यावर एक बाई मुसेंबीच्या गळ्यात पडून रडली. शेजारीण साखर, चहापत्ती घेऊन सांत्वनाला आली — दार मीच उघडलं! किंचाळली. साखर ठेवून घेतली.
मुसेंबी म्हणतो, "पुसून टाकू." खबरदार!

गुरुवार, १३ मार्च
क्यालो आला. आमच्याच गाडीतून! सिग्नलला पुढच्या गाडीवर माझं तोंड दिसलं, तशी स्वतःची मोटार रस्त्यातच टाकून धावला, आत चढला. त्या गाण्यांत, पोरांच्या धक्क्यांत, शेवटच्या थांब्यापर्यंत उभा. मुसेंबीला, सख्ख्या भाच्याला, विचारायचा धीर झाला नाही म्हणे. मला दारात बघून गळ्यात पडला. रडला. मग म्हणाला, "आई, नाक नीट नाही आलं तुझं."
म्हटलं, "उद्या ओगुटूकडे जा. उभा राहून करून घे."