पहिली पसंती

बुडापेश्ट, मंगळवार, ६ मे

प्रिय बार्नाबाश,

आशीर्वाद. पत्राची सुरुवात तशी करायची असते म्हणून लिहिलं, नाहीतर आज तुला द्यावं असं माझ्याकडे काही नाही. आईची तब्येत ठीक आहे. परवा मातृदिनाला तू आणलेला लायलॅकचा गुच्छ अजून टेबलावरच आहे. फुलं गळून सगळीकडे पडतात, पण ती मला टाकू देत नाही. तिला ऐकू कमी येतं म्हणून तिला काही कळलं नाही असं समजू नकोस. तुमची गाडी गेल्यावर तिनं विचारलं, "पोरगा एवढा का गं ओरडत होता?" मी म्हटलं, "गिऱ्हाइकांशी बोलून बोलून सवय झालीय त्याला."

फोनवर तू मला एक वाक्य पुरं करू देत नाहीस, म्हणून लिहिते आहे.

परवा सूप वाढून झालं होतं. आई, एमेशे आणि विल्लो तिघींच्या देखत तू म्हणालास, "ताई, तुझ्या त्या थिअरीनं माझ्या पोरीचं वाटोळं केलं. खरं लिहा, खरं लिहा! लिहिलं खरं, काय मिळालं? गावचीच शाळा!" तुझ्या बायकोनं, एमेशेनं, जेवण संपेपर्यंत माझ्याकडे पाहिलं नाही. आणि मी मूग गिळून बसले. का माहीत आहे? मलाच वाटत होतं, आपलं कुठेतरी चुकलं. आयुष्यभर जे शिकवलं, ज्याच्यावर लेख लिहिले, त्यात कुठेतरी भोक राहिलं आणि त्यात नेमकी आपलीच भाची विल्लो पडली.

आठवतंय ना फेब्रुवारीत काय ठरलं होतं? विल्लो माझ्या स्वयंपाकघरात पोगाचाची खारी बिस्किटं खात बसली होती आणि तू दाराला टेकून उभा होतास. ती म्हणाली, मला बुडापेश्टची गणिताची शाळा हवी, ती नाही मिळाली तर आपल्या गावची. तू लगेच म्हणालास, "अगं, पहिला भाव कधी खरा सांगायचा नसतो!" जुन्या गाड्या विकणाऱ्याचा हा धर्म असेल, मी नावं ठेवत नाही. तेव्हा मी तुला शांतपणे समजावलं होतं. मुलांनी शाळा कुठल्या क्रमानं लिहिल्या हे शाळांना दाखवतच नाहीत. शाळा फक्त गुण बघते. वरच्या शाळेनं नाही म्हटलं तरी खालच्या शाळेतला हक्क तसूभर कमी होत नाही. म्हणून मनात असेल तेच पहिलं लिहायचं, त्यात कुणाचंच नुकसान नाही. तू मान डोलावलीस. मला वाटलं, पटलं.

परवा जेवणानंतर विल्लो भांडी पुसायला आली. तुम्ही बाहेर कॉफी घेत होतात. ताट पुसता पुसता ती म्हणाली, "आत्या, तुझं काही चुकलं नाही. मार्चमध्ये क्रम बदलायला मुदत असते ना, तेव्हा बाबानं बदलला. आपल्या गावची शाळा वर, इथली गणिताची खाली. शेजारचे दातांचे डॉक्टर म्हणाले, शाळांना आतून सगळं कळतं, दुसरा नंबर दिला की त्यांना राग येतो, मग गावचीही हातची जाईल. मला म्हणाला, आईला सांगू नकोस आणि आत्याला तर मुळीच नको, व्याख्यान देत बसेल."

बार्नाबाश, माझ्या हातातली बशी फुटली नाही हेच नवल.

म्हणजे सिद्धांत माझा, चूक तुझी, आणि बोलणी खाल्ली मी! तीही तुझं खोटं लपवत बसलेल्या पोरीसमोर! गणिताच्या शाळेनं शेवटचा मुलगा किती गुणांवर घेतला ते मी काल पाहिलं. विल्लोचे गुण त्याच्याहून चांगले वर आहेत. नुसतं तिनं लिहिलं होतं तसं राहू दिलं असतंस, तर तिला प्रवेश मिळाला असता. एवढ्या चांगल्या पोरीचा तुला भरवसा वाटला नाही, आणि भरवसा कुणावर ठेवलास, तर दात उपटणाऱ्यावर!

वर काल तुझा फोन. "गणिताच्या शाळेचा केचकेश हेडमास्तर तुझाच विद्यार्थी ना? एक शब्द टाक की, ताई. एका खुर्चीनं काय होतंय?"

काय होतंय ते सांगते. जागा सगळ्या भरल्यात. विल्लोसाठी खुर्ची घातली, तर दाराबाहेर राहिलेल्या दुसऱ्या एखाद्या पोरीचं काय? तिचेही गुण विल्लोइतकेच असतील, फक्त तिची आत्या हेडमास्तरांना ओळखत नसेल. जिथे मुलाची जागा बापाच्या ओळखीवर ठरत नाही, अशा फार थोड्या गोष्टी या देशात उरल्यात. त्यातली ही प्रवेशाची पद्धत एक. तिलाही तू माझ्याच हातानं भोक पाडायला निघालास. आणि हेही ऐक, मी नंबर फिरवला होता. रिंगही गेली. विल्लोचा चेहरा डोळ्यांसमोर होता. तिकडून "हॅलो" आलं आणि मी फोन ठेवला. मला त्या क्षणाला तुझा जेवढा राग आला, तेवढा परवाच्या ताटावरही आला नव्हता. तू मला तिथपर्यंत नेलंस.

मी फोन करणार नाही. पुन्हा विचारू नकोस.

इथेच पत्र संपवणार होते. पण भांडी आवरताना विल्लोनं आणखी एक विचारलं. "आत्या, तुझं कधी असं झालंय? पहिली पसंती खाली लिहिलीस असं?"

मी सवयीनं "नाही" म्हणाले. मग म्हणाले, "हो."

तुला आठवत नसेल, तू तेव्हा शाळेत होतास. बेल्जियमच्या विद्यापीठातून मला बोलावणं आलं होतं. बाबा नुकतेच अंथरुणाला खिळले होते. आई म्हणाली, "तुला हवं तसं कर, बाळा," आणि एप्रनला डोळे पुसत स्वयंपाकघरात गेली. तू नुसता माझी बॅग कपाटावरून काढू की नको असा बघत राहिलास. मी म्हटलं, मला जायचंच नाहीये, इथेच बरं आहे. सगळ्यांना केवढं हायसं वाटलं! मग मी पहिल्या वर्षाच्या पोरांना मागणी-पुरवठा शिकवत राहिले आणि "मनात असेल तेच लिहा, नुकसान होत नाही" हे कागदावर सिद्ध करत राहिले. कागदावर ते खरंच आहे. घरात कुणी सिद्ध करू दिलं नाही. मला कुणी दुसऱ्यांदा विचारलंसुद्धा नाही, बार्नाबाश. चौदा वर्षांच्या पोरीनं विचारलं.

त्याच विद्यापीठाचं गेल्या हिवाळ्यात पुन्हा बोलावणं आलं, दोन वर्षांसाठी. मी नकार लिहून ठेवला होता. काल तुझा फोन झाल्यावर तो पुसला आणि होकार पाठवला. सप्टेंबरमध्ये जाते आहे.

तेव्हा आईचं आता तुम्हाला बघावं लागेल. ती तुमच्याकडे येईल की तुमच्यापैकी कुणी इथे राहायला येईल, ते आधी तिला विचार. ती "तुम्हाला हवं तसं करा" म्हणाली तर तिथेच थांबू नकोस, पुन्हा विचार.

एमेशेला मार्चमधली गोष्ट तू स्वतः सांग. मी सांगणार नाही आणि विल्लोनं सांगावं अशी वेळ आणू नकोस. पुढच्या वर्षी गणिताच्या शाळेत दुसऱ्या शाळेतून येणाऱ्या मुलांसाठी परीक्षा होईल. ती द्यायची का, हे पोरीला विचार. ती म्हणेल ते लिही, आणि लिहिल्यावर हात मागे घे.

सप्टेंबरपर्यंतच तुझ्या हाकेच्या अंतरावर असलेली,
ताई